मोरचुदाचं पाणी फिरेना

"पुन्हा चिकटला मेला! अडकित्ता कुठं गेला म्हून मी अर्धा घंटा धुंडून राह्यली, आन् हा त्याले मिठी मारून बसला हाय!"

ही कुरकुर पार्बताबाईंची. आणि मिठी मारून बसलेला तो मेला म्हणजे मी.

मी एक जुना लोहचुंबक आहे. घोड्याच्या नालेसारखा वाकवलेला, लाल रंग उडालेला, दोन्ही टोकं एकाच बाजूला असलेला. मित्रांनो, तुम्ही म्हणाल, लोखंडाच्या तुकड्याला कसली आली गोष्ट? पण मला एक जन्माची खोड आहे. मला स्वस्थ बसता येत नाही. रस्त्यानं बैलगाडी गेली की तिच्या चाकाच्या लोखंडी धावेकडे माझा जीव ओढला जातो. कुणाच्या हातून सुई पडली, तर शोधणाऱ्याच्या आधी मला कळतं ती कुठे आहे. दगड झोपतो, पितळ झोपतं, मी मात्र सदा कशाला तरी ओढ लावून जागा. अशा स्वभावाच्या जिवाकडे सांगण्यासारखं काही ना काही साचतंच.

माझा जन्म विलायतेतला. पोलादाची पट्टी तापवून वाकवली, पाण्यात बुडवून कडक केली, तरी मी मी झालो नव्हतो. मग मला तारेच्या वेटोळ्यात घालून तारेतून वीज सोडली. माझी पहिली आठवण तीच. शाळेत प्रार्थनेची घंटा झाल्यावर दंगा करणारी पोरं एकदम एका दिशेला तोंड करून उभी राहतात ना, तसा माझ्या अंगातला कण न् कण उभा राहिला. तिथून बोटीनं मुंबई आणि आगगाडीनं अकोला. अकोल्याच्या एका जिनिंग फॅक्टरीतल्या तेलाच्या इंजिनात मला बसवलं. माझ्या दोन टोकांमध्ये तारेची रीळ फिरायची, ठिणगी पडायची आणि इंजिन धडधडायला लागायचं. कापसाच्या हंगामात रुईचे पुंजके माझ्या पाठीवर येऊन बसत. मला ते आवडत नसत. कापूस ओढता येत नाही.

पुढे ते इंजिन मोडीत निघालं आणि मी भंगारात पडलो. खरं सांगू? भंगारात मी मजेत होतो. चहूकडे लोखंडच लोखंड! पण एक दिवस डोक्याला काळी टोपी आणि कोटाला खडूचे डाग अशा एका माणसानं मला तिथून हिसकून काढलं. ते वामनराव, अकोल्याच्या शाळेत पदार्थविज्ञान शिकवणारे मास्तर.

वामनरावांनी मला मोर्णा नदीच्या रेतीत बुडवून वर काढलं की माझ्या टोकांना काळी दाढी फुटायची. रेतीतले लोखंडाचे कण ते! पोरं ओरडायची, बाकांवर चढायची. कितीक पिढ्यांनी ती दाढी ओढून पाहिली. काम संपलं की वामनराव माझ्या दोन्ही टोकांवर मऊ लोखंडाची एक पट्टी आडवी ठेवत. तिला ते 'राखण' म्हणत. राखण असली की माझी तगमग आतल्या आत फिरते, बाहेर सांडून वाया जात नाही. माझा स्वभाव त्यांनी बदलायला सांगितला नाही, सांभाळायला शिकवलं. असे मास्तर फार नसतात.

नोकरी संपल्यावर ते मला घेऊन अमरावतीला आले. मुलगा गोवर्धन बडनेऱ्याला रेल्वेत होता. घरात पत्नी पार्बताबाई आणि सून शकुन. शकुन लग्न होऊन आली तेव्हा जेमतेम मराठी शाळा शिकलेली होती. एकदा ती चुलीपुढे बसून माझ्याशी खेळत होती, टाचण्यांची माळ करत होती. सासऱ्यांनी पाहिलं आणि विचारलं, "सांग, शेवटची टाचणी पहिलीले काहून चिकटते? ते तं चुंबक नाही." शकुननं दोन दिवस विचार करून उत्तर आणलं. त्या दिवसापासून तिची शाळा सुरू झाली.

पार्बताबाई म्हणाल्या, "सून भाकरी थापाले आनली का इजेचे दिवे लावाले?"

"दोन्ही करन ते. तू भाकरीचं पाह्य, मी दिव्याचं पाह्यतो."

शकुन परीक्षेमागून परीक्षा देत गेली आणि अमरावतीच्या एका मुलींच्या शाळेत विज्ञानाची बाई झाली. तिच्या पहिल्या तासाला मी तिच्या पिशवीत होतो. पिशवीतल्या छत्रीच्या काड्या मला चिकटल्यामुळे मी लवकर बाहेर निघत नव्हतो. मुली हसल्या. मग तीही हसली.

आता मित्रांनो, त्या काळाचं थोडं सांगायला हवं. आपला वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेला होता. महायुद्ध नुकतंच संपलं होतं. कचेरीचा कागद नागपूरला जायचा आणि विज्ञान इंग्रजीतच बोलायचं. वामनरावांचं म्हणणं असं, की ज्या गोष्टीला आपल्या भाषेत नाव नाही, ती गोष्ट आपल्या पोरींना परक्याच्या घरची वाटते. म्हणून दर रविवारी आमच्या ओसरीवर शब्द घडवायची बैठक बसायची. वामनराव, शकुन, संस्कृत शिकवणारे उत्तमराव, आणि अकोल्याचा वामनरावांचा जुना विद्यार्थी शफीक. त्याचं आता अमरावतीत बॅटऱ्या आणि सायकलींचं दुकान होतं.

त्या वर्षी चौघांचा जीव एका प्रयोगात अडकला होता. त्यात मुख्य काम माझं. मला टोकं वर करून लाकडी ठोकळ्यात उभं करायचं. एका टोकावर काचेची बशी, बशीत मोरचुदाचं निळं पाणी. बशीच्या कडेनं तांब्याचं कडं, मधोमध तांब्याची काडी. एक तार कड्याला, एक काडीला, आणि बॅटरी सुरू. की पाणी आपोआप गरगर फिरू लागतं! कुणी ढवळत नाही, कुणी फुंकत नाही. वीज काडीकडून कड्याकडे जाते, मी खालून माझा जोर लावतो, आणि दोघांच्या ओढाताणीत पाण्याला भोवरा येतो. तारेला, सुईला तर मी आधीही हलवलं होतं. पण पाण्याला! ज्याला हात नाही, पाय नाही, धरायला जागा नाही, त्याला मी फिरवत होतो. माझ्या आयुष्यातली ती सगळ्यांत मोठी तारीफ.

सूर्याच्या पोटातही म्हणे अशीच उलथापालथ चालते. परदेशातल्या शास्त्रज्ञांनी या सगळ्या विद्येला नुकतंच एक लांबलचक नाव दिलं होतं. आमच्या ओसरीला तेवढंच लांब मराठी नाव हवं होतं.

"अयस्कांतजलप्रवाहविद्या," उत्तमराव म्हणाले.

"शास्त्रीबुवा, हे नाव पुरं होईपर्यंत माझी बॅटरी उतरून जाईल," शफीक म्हणाला.

"तुझ्याजवळ काय आहे मग? सांग."

"वीज वाहून नेणाऱ्या पाण्याले 'वाहक द्रव' म्हना. ते समजते. पन चुंबकाच्या भोवतालच्या जागेले तुमी 'क्षेत्र' म्हनता. काशी हाय का काही तिथं? सीधं 'शेत' म्हना ना."

आतून पार्बताबाईंचा आवाज आला, "शेत म्हनता तं पिकते काय त्याच्यात? नुसते अडकित्ते अन् सुया!"

शकुन म्हणाली, "माझ्या मुली पाणी पाहून 'भोवरा' म्हणतात. क्षेत्र, वाहक द्रव, भोवरा. एवढ्यावर मी वर्ग शिकवीन. मोठं नाव मामाजी देतील."

आणि मामाजींनी, म्हणजे वामनरावांनी, दिलं. चुंबकद्रवगती. उत्तमरावांनी नाक मुरडलं, दोन तास भांडले, आणि शेवटी म्हणाले, "शब्द उभा राहतो बुवा."

पुढच्या रविवारी वामनराव उत्साहानं ओसरीवर आले. "रात्री एक शब्द सुचला. ऐका. चुंबकद्रवगती!"

उत्तमरावांनी शकुनकडे पाहिलं. मग शफीक म्हणाला, "वा सर. मस्त हाय."

त्याच्या पुढच्या रविवारीही तो शब्द नव्यानं सुचला. आणि त्याच्याही पुढच्या. उत्तमराव, जे स्वतःच्या बारशातल्या नावातही व्याकरणाची चूक काढतील, ते दर वेळी मान हलवून म्हणत, "छान आहे, वामनराव." मित्रांनो, भांडखोर माणूस भांडायचा थांबला की समजावं, घरात काहीतरी बिघडलं आहे. एकदा वामनरावांनी शफीकला गोवर्धन म्हणून हाक मारली. शफीक "जी" म्हणून उठला. चूक कुणी दुरुस्त केली नाही. ओसरीवरचं ते न बोलणं मला लोखंडासारखं जड वाटायचं. मी खुंटीवरच्या पिशवीत असलो तरी भिंतीतल्या खिळ्याकडे सरकत राहायचो.

अशात शाळेच्या मंडळानं एक नवंच काढलं. मुलींना मराठीतून पदार्थविज्ञान शिकवणं जमण्यासारखं नाही, शब्दच नाहीत, तेव्हा तो वर्ग बंद करून तिथे शिवणकाम ठेवावं. नागपूरच्या शिक्षणखात्याचे इन्स्पेक्टर खुशालराव दसऱ्यानंतर येऊन एक तास पाहणार आणि ठरवणार. वामनरावांनी परस्पर कळवून टाकलं की चुंबकद्रवगतीचा प्रयोग होईल. शकुनचा वर्ग त्या एका बशीवर टेकला.

दसऱ्याला घरातली हत्यारं पुजायची आपली रीत. पार्बताबाईंचा विळा, अडकित्ता, शकुनचा कंपास आणि मी, असे आम्ही दर वर्षी पाटावर झेंडूची फुलं घेऊन बसायचो. त्या वर्षी पावसाळ्यानं माझ्या अंगावर गंज चढला होता. वामनरावांना ते पाहवेना. पूजेला आणि साहेबांपुढे मी लखलखीत दिसावा म्हणून ते एकटेच मला घेऊन वलगावच्या रस्त्यावरच्या नत्थुजी लोहाराकडे गेले.

नत्थुजीनं घासून पाहिलं. "मास्तर, गंज लय आत गेला. तापवून पानी देऊ काय? नवा करून देतो."

लोहचुंबक लाल होईस्तोवर तापवला की त्याची शक्ती जाते, हे ज्या माणसानं अकोल्यात वर्षानुवर्षं पोरांकडून घोकून घेतलं, तो माणूस भट्टीकडे बघत कौतुकानं म्हणाला, "दे."

मला बोलता येत असतं तर मी तेव्हा बोललो असतो. निखाऱ्यांत मी आधी काळा झालो, मग तांबूस, मग लाल. आणि प्रार्थनेला उभी असलेली ती सगळी पोरं रांग मोडून वाट फुटेल तिकडे गेली. पाण्यात चर्र झालं. मी बाहेर आलो तो आरशासारखा चमकत, आणि रिकामा.

पूर्वीची माझी अस्वस्थता ओढीची होती. ही दुसरीच होती. समोरून सायकल गेली, मला काही वाटलं नाही. आणि काही वाटत नाही याचीच तगमग. झोप तर तशीही नव्हती.

दसऱ्याला पार्बताबाईंनी सवयीनं अडकित्ता माझ्यापासून लांब ठेवला. मग कोण जाणे काय वाटलं, हळूच जवळ सरकवला. आणखी जवळ. अगदी टेकवला. मग दाराकडे पाहिलं आणि माझ्यावर झेंडूचं मोठं फूल ठेवून मला झाकून टाकलं. त्या दिवसापासून त्यांची माझ्याबद्दलची कुरकुर बंद झाली. मला ती किती हवीशी होती ते तेव्हा कळलं.

शकुननं सुई लावून पाहिली. शफीकनं स्क्रू फिरवायचा पेचकस. उत्तमरावांनी टाकाचं निब. प्रत्येकानं दुसरं कुणी पाहत नाही असं बघून. शकुन नत्थुजीकडे जाऊन आली. तो बिचारा म्हणाला, "बाई, मी तं इचारूनच तापवलं. मास्तर 'दे' म्हनले." ती तशीच परतली.

आणि मित्रांनो, माझ्यावर उपाय नव्हता असं नाही. शफीकच्या दुकानात तार होती, बॅटऱ्या होत्या. माझ्याभोवती वेटोळं घालून वीज सोडली असती, तर मी पुन्हा उभा राहिलो असतो. पण तार गुंडाळायची तर आधी चुंबक मेला म्हणावं लागलं असतं, आणि चुंबक मेला म्हटलं की कुणाच्या हातून ते आलंच.

"भाबी, साहेबाले दुसरा प्रयोग दाखवा ना," शफीक ओसरीच्या पायरीवरून म्हणाला.

"मामाजींनी हाच कळवला आहे. घरभर तेच बोलून राह्यले."

"मंग?"

"मग काय. बॅटऱ्या जास्त आणा."

"बॅटऱ्या कितीबी आनतो, भाबी. पन..."

"पण काय?"

"काही नाही," तो म्हणाला आणि चपला घालू लागला. एकच चप्पल दोनदा घातली.

तासाच्या दिवशी वामनराव नवी टोपी घालून माझ्या शेजारी उभे राहिले. समोर मुली, मागे खुर्चीवर खुशालराव, भिंतीशी उत्तमराव, बॅटऱ्यांजवळ शफीक. वीज चालू आहे हे दिसावं म्हणून तारेत एक छोटा बल्ब जोडलेला. शकुननं निळ्या पाण्यावर झेंडूची एक पाकळी सोडली आणि तार जोडली.

बल्ब लागला. पाकळी हलली नाही.

"घेते थोडा वेळ," वामनराव म्हणाले.

आम्ही थांबलो. मी खाली उभा राहून त्या पाण्याला हात घालायचा प्रयत्न करत होतो, आणि मला हातच नव्हते.

खुशालराव सौम्यपणे म्हणाले, "मास्तर, शब्द चांगला आहे तुमचा. पण ज्याला तो दिला, ते काही दिसत नाही."

वामनरावांचा चेहरा लाल झाला. ते शफीककडे वळले. "काय रे? किती जुन्या बॅटऱ्या आनल्या? पोट्ट्यांच्या वर्गाले सडका माल देतं?"

शफीकनं चटकन हात पुढे करून बल्ब मुठीत झाकला. "हो सर. गलती माझीच. उतरल्या असतील."

"लोकाईले असंच फसवतं काय दुकानात? याच्यासाठी शिकवलं तुले?"

"नाही सर." शफीकची मान खाली. मुठीतून मात्र बोटांच्या फटींमधून उजेड येत होता, आणि तो सगळ्या वर्गाला दिसत होता.

खुशालरावांनी पेनाचं टोपण काढलं.

मित्रांनो, अशा गोष्टीच्या शेवटी चार शब्द उपदेशाचे सांगायची रीत आहे. ते मी इथेच सांगून घेतो, कारण यापुढचं बोलणं माझं नाही. लोहचुंबक आपटू नका. विस्तवाजवळ नेऊ नका. काम झालं की त्याच्या टोकांवर राखण ठेवा. आणि तुमचं म्हणवणारं कुणी विझत चाललं, तर त्याला झेंडूच्या फुलानं झाकू नका. माया करणारे सगळे तसंच करतात, मी त्यांना दोष देत नाही. पण फुलाखाली मी अंधारात पडून होतो, आणि तार-बॅटरी शेजारच्या गल्लीत होती.

शकुन म्हणाली, "शफीकभाऊ, हात काढा."

त्यानं काढला नाही. तिनंच त्याची मूठ बाजूला केली. मग मुलींकडे वळली. "बल्ब लागला आहे. म्हणजे काय?"

"वीज वाहते आहे, बाई."

"मग पाणी का फिरत नाही?"

मुली बशीकडे वाकून पाहू लागल्या. मग परवीन नावाची एक मुलगी उभी राहिली. कुणी पढवलं नव्हतं तिला. "बाई, वाहक द्रव आहे, त्यात वीज पण आहे. पण क्षेत्रच नसेल तर भोवरा कसा होईल?"

खुशालरावांनी मान वर केली. "पुन्हा म्हण, बेटा."

परवीननं पुन्हा म्हटलं. शकुननं केसांतली लोखंडी पिन काढून तिच्या हातात दिली. परवीननं ती माझ्या टोकाला लावली. पिन खाली पडली. मग शकुननं मुलींना सांगितलं की चुंबकातले कण एका दिशेनं उभे असतात तेव्हाच त्याला जोर असतो, लाल होईपर्यंत तापवला तर ते विस्कटतात, आणि तारेचं वेटोळं घालून वीज सोडली तर पुन्हा रांगेत येतात. ती शांतपणे बोलत होती, आणि रविवारी ओसरीवर घडलेले शब्द तिच्या तोंडून सहज येत होते, जसे काही ते भाकरी-पाण्याइतके जुने असावेत. खुशालरावांनी पेनाला टोपण लावलं. "फिरणारं पाणी पुढच्या खेपेला पाहीन," ते म्हणाले. "वर्ग चालू द्या, बाई."

मुलींनी एकदम श्वास सोडला. उत्तमरावांनी उपरण्यानं कपाळ पुसलं. तिथे थांबता आलं असतं.

पण वामनरावांनी मला ठोकळ्यातून उचललं. पिन लावून पाहिली. पुन्हा लावली. "चांगला होता हा. अकोल्यापासून सांभाळला. कोन्या गाढवानं तापवला याले?"

"अहो, तो लोहार," उत्तमराव घाईनं म्हणाले. "नत्थू. त्याला काय कळतंय."

"नत्थ्यानं? चाल रे शफीक. आत्ताच्या आत्ता जाऊ. त्याची भट्टीच बंद करतो मी."

शफीकनं शकुनकडे पाहिलं. उत्तमरावांनी खिडकीबाहेर पाहिलं. वामनराव काठी शोधत होते. काठी त्यांच्याच हातात होती.

शकुन जवळ आली. तिनं मला त्यांच्या हातातून काढून घेतलं नाही. त्यांच्या हातांवर, माझ्यासकट, आपले दोन्ही हात ठेवले.

"मामाजी, नत्थुजीनं तुमाले इचारलं होतं. तुमीच 'दे' म्हनलं. आन् तो शब्द तुमाले दर रविवारी नवा सुचते. तुमाले आता आठवत नाही, मामाजी. लय दिवस झाले, आठवत नाही."